मिस्त्रींना पंचावन्न गुण

त्या रुग्णालयात तिला नावानं कोणी हाक मारत नसे. सगळे मोजणीताई म्हणत. कोणी जमीन मोजतं, कोणी कापड मोजतं, तशी ही माणसं मोजायची. उंची-वजन नव्हे, ते काम नर्सचं. ज्याचे हातपाय एकाएकी गेले, जो शिडीवरून पडला, ज्याच्या मेंदूत गाठ अडकली, असा माणूस आता स्वतःचं स्वतः किती करतो, ते ही मोजायची. त्यासाठी तिच्याकडे एक कागद असायचा आणि कागदावर दहा प्रश्न. जेवतो का, आंघोळ करतो का, दाढी-केस, कपडे, दोन्ही विधींवर ताबा, संडासात एकटा जातो का, खाटेवरून खुर्चीत, चालणं, आणि शेवटी जिना. प्रत्येकाला शून्य, पाच नाहीतर दहा. एकदोन ठिकाणी पंधरापर्यंत. सगळी बेरीज शंभर. शंभराचा माणूस म्हणजे तुमच्याआमच्यासारखा, शून्याचा म्हणजे पाळण्यातला. बावीस वर्षं तिनं हा कागद भरला.

बावीस वर्षांत माणूस काय काय बघतो! एकदा एक निवृत्त शाळामास्तर होते. त्यांना पंचेचाळीस मिळाले तर त्यांनी फेरतपासणीचा अर्ज केला, तोही डाव्या हातानं लिहून. अर्ज इतका सुवाच्य होता की ताईनं 'दाढी-केस' पुन्हा तपासलं आणि पाच गुण वाढवून दिले. एक आजीबाई होत्या, जिन्याला शून्य मिळालं म्हणून रुसल्या. म्हणाल्या, "अगं, आमच्या घराला जिनाच नाही. नसलेल्या जिन्याचे गुण कापतेस?" शून्य मात्र तसंच राहिलं.

कागदाचा एक नियम होता आणि तो ताईला देवाच्या नावासारखा पाठ होता. माणसाला काय जमेल ते लिहायचं नाही. माणूस रोज काय करतो ते लिहायचं. परीक्षेच्या दिवशी कोणीही दात-ओठ आवळून चार पायऱ्या चढतो. पण काल चढला होता का? परवा? म्हणून ती रुग्णाला विचारून झालं की त्याच्या उशापायथ्याशी बसणाऱ्या माणसाला विचारायची. बायको, सून, भाऊ, जो असेल तो. आणि बायका हमखास सापडायच्या. नवरा म्हणायचा, "मी जेवतो माझा मी." बायको मान खाली घालून म्हणायची, "घास मीच करून देते." मग ताई त्या बाईला बाहेर व्हरांड्यात घ्यायची आणि समजवायची, "वहिनी, तुम्ही त्यांचे पाच गुण खाताय. त्यांचा हात सुटणार कसा? तुम्ही आपले हात मागे बांधून बसा." बायका हो हो म्हणायच्या. दुसऱ्या दिवशी पुन्हा घास करायच्या.

तर अशी ही ताई. तिचा नवरा गॅरेज चालवायचा, लोक त्याला मिस्त्री म्हणत. एका सकाळी मिस्त्री गाडीखाली आडवा होता तो उठलाच नाही. कामावरच्या माणसांनी पाय धरून ओढला तेव्हा डावं अंग गेलेलं. ताईला निरोप गेला, ती धावत आली. गॅरेजच्या तेलकट फरशीवर नवरा पडला होता, तोंडाची एक बाजू ओघळलेली. आणि तिच्या मनात पहिली गोष्ट काय आली, तर कागद. डावी बाजू. जेवण पाच, आंघोळ शून्य, चालणं शून्य, जिना शून्य. तिथं उभ्या उभ्या तिनं बेरीज केली. बाकीचं धरून पंधरा आली.

रडू आलं नाही. पहिल्या दिवशी वाटलं, उद्या येईल. दुसऱ्या दिवशी वाटलं, धावपळ आहे, सवड झाली की येईल. पाच आठवडे झाले, ते काही आलं नाही. नळ कोरडा पडला की आपण अधूनमधून सोडून बघतो ना, तशी ती अधूनमधून स्वतःला बघायची. हवासुद्धा यायची नाही. नणंद भेटायला आली, भावाला बघून ढसाढसा रडली, आणि जाताना जिन्यात म्हणाली, "वहिनी, तुम्ही दगडाच्या आहात का हो?" ताईनं त्यावर खरोखर विचार केला. दगड उन्हात तापतो तरी, असं तिला वाटलं. बोलली एवढंच, "शेवटची पायरी तुटकी आहे, सांभाळून जा."

मिस्त्री तिच्याच रुग्णालयात वरच्या मजल्यावरच्या वॉर्डात दाखल होता. ताई हल्ली खालच्या बायकांच्या वॉर्डात काम करायची आणि तिन्ही वेळा वर यायची. सकाळी येऊन शर्ट घालायची, बटणं लावायची. दुपारी पावाचे तुकडे मोडायची, बटाटा कुस्करायची, ताट पुढं सरकवायची. संध्याकाळी पुन्हा तेच. बोलायचे फारसे नाहीत. लग्नाला सत्तावीस वर्षं झाली होती, बोलण्यासारखं बरंच बोलून झालं होतं. त्यातून मिस्त्री चिडका, आणि आडवा पडलेला चिडका माणूस म्हणजे झाकण लावलेलं उकळतं पातेलं.

शेजारच्या खाटेवर एक न्हावी होता. मोठा बोलका माणूस. त्याचा उजवा हात थरथरायचा, त्यामुळे धंदा बसला होता, पण जीभ शाबूत होती आणि तिला भरपूर काम होतं. या वॉर्डात दर गुरुवारी मोजणी होई. सहाव्या आठवड्याची मोजणी महत्त्वाची. साठ किंवा वर गुण पडले की माणूस घरी, व्यायामाचा कागद हातात देऊन. साठाच्या खाली राहिला तर आणखी सहा आठवडे वॉर्डात, रोज दोन वेळा व्यायामशाळा. खाटा थोडक्या, माणसं फार, म्हणून असा हिशोब. आता शहाण्या माणसाला कळेल की पाय सुधारायला हवा असेल तर साठाच्या खाली राहिलेलं बरं. पण गुण म्हटले की आपल्या लोकांना एकच कळतं, जास्त ते चांगले. न्हाव्यानं दहाही प्रश्न पाठ केले होते आणि तो बुधवारी संध्याकाळी रीतसर शिकवणी घ्यायचा.

"खुर्चीत बसताना 'आई गं' म्हणायचं नाही," तो शिकवायचा. "आई गं म्हटलं की पाच गेले. दात दाबून हसायचं."

"आणि जिना?" मिस्त्रीनं विचारलं.

"जिना सोडा तुम्ही. पेपरात सोडायचा एक प्रश्न असतो, तो हा. बाकीचे पक्के करा. तुमचं तर घरचंच परीक्षा मंडळ आहे."

"तेच तर," मिस्त्री म्हणाला. "मोजणीताईचा नवरा नापास झाला तर लोक शेण घालतील तोंडात."

हे सगळं ताईनं दाराशी उभं राहून ऐकलं. तिच्या हातात फळांची पिशवी होती. तिनं ती कपाटावर ठेवली आणि पाव मोडायला घेतला.

तिच्या डोक्यात दुसराच हिशोब होता. त्याच दिवशी व्यायामशाळेतल्या माणसानं तिला बाजूला घेऊन सांगितलं होतं, "ताई, पाय आत्ता कुठं जागा होतोय. गुडघा धरायला लागलाय. सहा आठवडे मिळाले तर मी त्यांना जिन्यावर घालतो. आता घरी गेले तर जिथं आहे तिथं राहील." आणि घर होतं दुसऱ्या मजल्यावर. सकाळी आठ ते संध्याकाळी पाच तिथं कोणी नसायचं. लेक परगावी, नणंद दोन तासांवर. ताईनं घरात एकट्या पडलेल्या माणसांचे कागद पुष्कळ भरले होते. पहिल्यांदा साठ, मग तीन महिन्यांनी परत आलेले, तेव्हा तीस. ती फरशीवर पडून कोणाची तरी वाट बघत राहिलेली माणसं. तिला हे सगळं माहीत होतं आणि माहीत असूनही आत काही हलत नव्हतं. नुसतं दिसत होतं की सहा आठवडे हवेत.

गुरुवार आला. आपल्या माणसाची मोजणी आपण करायची नाही असा दंडक, म्हणून खालून धाकटी आली. धाकटी म्हणजे ताईच्या हाताखाली दोन वर्षं शिकून तयार झालेली मुलगी. कागद लावलेली फळी छातीशी धरून ती खाटेजवळ आली तेव्हा मिस्त्री तयार होऊन बसलाच होता. न्हाव्यानं थरथरत्या हातानं त्याचा भांग पाडला होता, नागमोडी, पण पाडला होता.

"काका, कसं आहे?"

"झकास. विचारा काय ते."

तिनं आधी करून घेतलं. मिस्त्री खाटेवरून खुर्चीत गेला, एका माणसाचा आधार घेऊन, दात दाबून हसत. त्याच माणसाच्या खांद्यावर हात ठेवून वॉर्डाच्या टोकापर्यंत चालून आला. परत येईपर्यंत घामानं पाठ भिजली होती, तरी त्यानं 'आई गं' काही म्हटलं नाही. न्हावी आपल्या खाटेवरून मास्तरासारखा मान हलवत होता.

"आंघोळ?"

"ती वॉर्डातल्या मावशी घालतात. खोटं कशाला बोलू."

"दाढी?"

"माझी मी." ते खरं होतं.

"जेवण?"

"माझं मी."

"पाव मोडणं, कुस्करणं, सगळं?"

"सगळं."

"कपडे?"

"माझे मी. बटणांसकट." हे त्यानं ताईकडे न बघता म्हटलं.

"लघवीला कधी अंथरुणात..."

"छे."

धाकटीनं पेन्सिलीनं बारीक आकडे लिहिले. ताईला ते उलटे दिसत होते तरी वाचता आले. सत्तर. सत्तर म्हणजे उद्या सकाळी घर.

मग धाकटी ताईकडे वळली आणि गोरीमोरी झाली. शिकवलेलं शिकवणारीलाच म्हणून दाखवायचं, म्हणजे जीभ जड होणारच.

"ताई, आता तुम्हाला विचारायला हवं."

"विचार की."

"काल संध्याकाळी पाव कोणी मोडला?"

ताई स्टुलावर बसली होती, हात मांडीवर. "मी."

"परवा?"

"मीच."

मिस्त्रीनं मान फिरवली. न्हाव्याची मान हलायची थांबली.

"अंथरूण?"

"या आठवड्यात दोनदा बदललं. पहाटे. मावशींना विचार, त्यांच्या वहीत असेल."

"आणि बटणं?"

"मी लावते."

"रोज?"

"रोज. पाच आठवडे."

धाकटीनं विचारलं, "त्यांना येतात का लावता?"

आणि इथं बघा काय झालं. बावीस वर्षं जिनं व्हरांड्यात बायकांना हात मागे बांधून बसायला सांगितलं, त्या बाईला या एका प्रश्नाचं उत्तर देता येईना. दिव्याखाली अंधार म्हणतात तो हा. रोज सकाळी ती यायची, शर्ट घ्यायची, हात आपोआप वरून खाली जायचे, एक दोन तीन चार पाच सहा. तिनं कधी थांबून बघितलंच नव्हतं. तिला नवऱ्याचे सगळे आकडे माहीत होते आणि बटणाचं माहीत नव्हतं.

"मला ठाऊक नाही," ती म्हणाली.

"येतात," मिस्त्री म्हणाला. "बघायचंय? बघा." त्यानं उजव्या हातानं शर्टाची सगळी बटणं काढली, एकेक, रागानं. आणि मग लावायला सुरुवात केली. डावा हात मांडीवर मेलेल्या मासोळीसारखा पडलेला. उजव्या हाताची बोटं गाडीचे बारीकसारीक नट चाळीस वर्षं घुमवलेली, पण गाडीचा नट जागचा हलत नाही आणि शर्टाची कड सारखी पळत होती. त्यानं कड दातात धरली. पहिलं लागलं. दुसरं लागलं. पलीकडच्या खाटेवरचा म्हातारा कोपरावर उठून बघायला लागला. चौथं चुकीच्या घरात गेलं, काढलं, पुन्हा लावलं. भिंतीवरच्या घड्याळात सात मिनिटं गेली. सहावं लागलं तेव्हा त्यानं मान वर केली.

न्हावी हळूच म्हणाला, "वा, मिस्त्री."

धाकटीनं पेन्सिल तशीच धरली होती. "ताई," ती म्हणाली, आता विचारणाऱ्याच्या नाही, शिकणाऱ्याच्या आवाजात, "मग मी काय लिहू?"

ताईला सगळं एकदम दिसलं. तिनं 'लावतात' म्हटलं असतं तर कपड्यांचे दहा, बेरीज साठ, आणि माणूस घरी, दुसऱ्या मजल्यावर. नियमानं बोलली तर पाच, बेरीज पंचावन्न, आणि सहा आठवडे. सहा आठवडे तर तिला हवेच होते. म्हणजे ती खरं बोलणार होती ती ते खरं आहे म्हणून, की सोयीचं आहे म्हणून? एखादीला आत काहीतरी टोचलं असतं आणि त्यावरून कळलं असतं. तिला काहीच टोचलं नाही. तिनं थोडा वेळ वाट पाहिली, टोचतंय का ते बघितलं. मग म्हणाली,

"जे रोज होतं ते लिहायचं. जमतं ते नाही."

"पण त्यांनी आत्ता..."

"आत्ताचं नाही. रोजचं. पाच लिही."

धाकटीनं पाच लिहिले आणि खाली बेरीज मांडली. पंचावन्न. तिनं फळी छातीशी धरली, "येते काका," म्हणाली आणि भराभरा निघून गेली.

मिस्त्री बराच वेळ खिडकीकडे बघत होता. खिडकीतून समोरच्या इमारतीची पाण्याची टाकी दिसायची, दुसरं काही नाही.

"नापास केलंस मला," तो म्हणाला.

"सहा आठवडे मिळाले. गुडघा धरतोय, व्यायामशाळेतले म्हणाले..."

"ते मला सांगू नकोस. बटणं मी लावली. सगळ्यांनी बघितली."

"लावलीत."

"मग माझे पाच कोणी खाल्ले?"

"मी," ताई म्हणाली.

असं सरळ उत्तर येईल हे त्याला अपेक्षित नसावं. त्याचा राग एक पायरी चुकल्यासारखा झाला. न्हाव्यानं मध्ये पडायचं म्हणून घसा खाकरला, "अहो मिस्त्री, पंचावन्न म्हणजे सेकंड क्लास आहे."

"तुम्ही गप्प बसा. तुमच्या शिकवणीचा हा निकाल."

"माझे स्वतःचे चाळीस आहेत," न्हावी म्हणाला. "मास्तर नेहमी कच्चाच असतो."

मिस्त्री हसला नाही. ताईकडे वळून म्हणाला, "आता तू यायचं नाहीस. सकाळी नाही, जेवणाला नाही. शर्टाला हात लावायचा नाही, ताटाला हात लावायचा नाही. दुपारी चारला ये. चारला चहा असतो, त्यात मोडायचं काही नसतं."

"बरं," ती म्हणाली.

तिला वाटलं होतं, वाईट वाटेल. ती पिशवी घेऊन उठली, तुटक्या पायरीवरून सांभाळून खाली गेली आणि दुपारपर्यंत दोन कागद भरले. एक अठ्ठावीस वर्षांची शिक्षिका होती, पाठीचा कणा मोडलेली, आणि एक वयस्क बाई, जिला स्वतःचं वयही नीट सांगता येत नव्हतं. दोघींचे आकडे नीट आले. एकदाच तिनं बेरीज चुकवली आणि तिथल्या तिथं खोडली.

पण दुसऱ्या दिवशी सकाळी साडेसातला पाय आपोआप वर गेले. पाच आठवड्यांची सवय, पायांना कोणी निरोप दिला नव्हता. वॉर्डाच्या दाराशी आल्यावर तिला आठवलं. ती आत गेली नाही. परतही गेली नाही. व्हरांड्यात, दाराच्या बाजूला, जिथं आतून दिसत नाही तिथं भिंतीला टेकून उभी राहिली. याच भिंतीशी तिनं कितीक बायकांना उभं करून शहाणपण शिकवलं होतं. त्या बायका घरी जाऊन काय म्हणत असतील, असं पहिल्यांदा तिच्या मनात आलं.

आत न्याहारीची ताटं आली. चाकांचा आवाज, चमचे, मावशीचं नेहमीचं "उठा राजे हो". मग मिस्त्रीचा आवाज, "ठेवा तिथं. मोडू नका. मी मोडतो."

मग ताट पडलं. स्टीलचं ताट फरशीवर पडून गोल गोल फिरत निजतं तसा आवाज, लांबलचक. ताईचे हात भिंतीपासून सुटले. एक पाऊल उंबऱ्यावर गेलं.

"पडू द्या," आतून न्हावी म्हणाला. "फुटायचं नाही ते. मावशी, दुसरं आणा."

"आणि पावाचा तुकडा मोठा आणा," मिस्त्री म्हणाला. "हा बारीक निसटतो."

ताईनं पाऊल मागे घेतलं. दोन्ही हात पाठीमागे नेले आणि एका हातानं दुसऱ्याचं मनगट धरलं, घट्ट. आत दुसरं ताट आलं. कोणीतरी दातानं काही फाडत असल्यासारखा आवाज आला. मावशी रिकामी ट्रॉली घेऊन बाहेर आली, ताईला बघून थांबली.

"आत या की."

"नको," ताई म्हणाली. "जेवतायत का?"

मावशीनं मान मागे वळवून बघितलं. "जेवतायत. शर्टावर सांडतंय बरंच."

"सांडू दे."

मावशी ट्रॉली ढकलत गेली. मनगट धरलेल्या जागी दुखायला लागलं होतं, बराच वेळ दुखत असावं. आत चमचा ताटाला लागल्याचा आवाज आला, मग थांबला, मग पुन्हा आला. ताई तशीच उभी होती. आठ वाजायला आले होते, खाली शिक्षिका वाट बघत असेल. तरी ती निघाली नाही, पुढच्या घासाचा आवाज येईपर्यंत.